पाहुणा, माग आणि रहाड

क्योटो नगरींतील जुन्या घरांच्या मागल्या अंगणांत कोठें कोठें एक लहानशी झोपडी दृष्टीस पडते. तिच्या प्रवेशाला दार म्हणावें असें कांहीं नसतें. भिंतीच्या तळाशीं सोडलेली, उंचीरुंदीला जेमतेम दोन-सव्वादोन फूट अशी एक चौकट असते. आंत जाणारा सरदार असो वा सावकार असो, त्याला गुडघे टेकून, मान लववून आणि हातांवर भार देऊन सरकतच आंत शिरावें लागतें. पूर्वींचे सामुराई योद्धे येथें आपल्या तलवारी बाहेरच्या फळीवर ठेवीत. कारण ज्या जागेंत माणूस पाहुणा म्हणून जातो तेथें शस्त्राचें काम नाहीं, हें त्या चौकटीनेंच ठरवून टाकलेलें असे. जपानांतील चहापानाच्या विधीला ज्यानें आजचें साधें आणि गंभीर वळण दिलें, तो सेन नो रिक्यू (१५२२–१५९१) हा सत्ताधीशांच्या पदरीं होता. ज्या हिदेयोशीला त्यानें चहा पाजला, त्याच हिदेयोशीच्या आज्ञेनें शेवटीं त्याला आत्महत्या करावी लागली. तलवार बाहेर ठेवविणाऱ्या माणसाचा असा शेवट झाला. परंतु हिदेयोशीचें राज्य गेलें आणि ती लहानशी चौकट मात्र राहिली.

आंत गेल्यावर जो प्रकार चालतो तो केवळ चहा पिण्याचा नव्हे. भिंतींतील कोनाड्यांत एक लांबट लेख टांगलेला असतो आणि त्याखालीं ऋतूचें एखादें फूल असतें. पाहुणा प्रथम त्यांच्यापुढें बसतो व तीं न्याहाळतो. मग कडू चहाच्या आधीं एक गोड घांस येतो. पुढें यजमान पाणी, पूड आणि बांबूची रवी यांच्या साहाय्यानें हिरवा चहा घुसळून पेला पुढें ठेवतो. पेल्याची जी बाजू अधिक सुंदर असेल ती पाहुण्याकडे असते. पाहुणा पेला तळहातावर घेऊन तो किंचित् फिरवितो, म्हणजे त्या सुंदर बाजूला आपले ओठ लागूं नयेत. पिऊन झाल्यावर तो पेला उंच न उचलतां चटईजवळच हातांत धरून पाहतो आणि तो कोणत्या भट्टीचा, कोणत्या हाताचा, हें विचारतो. जेवणासह होणारा पूर्ण विधि चार-चार तास चालतो. या सर्व वेळांत यजमान जितका कलावंत असतो तितकाच पाहुणाहि असावा लागतो. ज्याला पाहुणा होतां येत नाहीं त्याच्यापुढें तो विधि निम्माच घडतो.

आज जपानांत जाणाऱ्या प्रवाशाला हा विधि पाऊण तासांत आटोपून दाखविला जातो. तिकीट काढावें, उसना किमोनो अंगावर चढवावा, रवी एकदां स्वतः फिरवून पाहावी, छायाचित्र घ्यावें आणि पुढच्या देवालयाकडे चालूं लागावें, असा तो क्रम आहे. त्यांत फसवणूक आहे असें नव्हे. चार तास सर्वांपाशीं नसतात, आणि पाऊण तासांतहि एखाद्याच्या मनावर कांहीं उमटूं शकतें. परंतु जें उमटावयाचें तें चहाच्या चवींत नसून त्या वांकण्यांत आहे, हें ज्याच्या लक्षांत येतें तोच कांहीं तरी घेऊन परततो. महाराष्ट्रांतील माणसाला हें समजणें खरें पाहतां कठीण पडूं नये. उन्हांतून आलेल्या पाहुण्यापुढें गुळाचा खडा व पाण्याचा तांब्या ठेवणारीं घरें येथें पिढ्यान् पिढ्या होतीं, आणि गूळ तोंडांत टाकल्यावांचून घटाघट पाणी पिणाऱ्याला घरांतील वडील माणसें हटकीत असत. तेथेंहि पाहुण्याला पाहुणा होणें शिकविलें जाई. फक्त त्या शिकवणुकीला कोणी कलेचें नांव दिलें नाहीं.

प्रवासी परक्या देशांतून काय आणतो, यावर त्याच्या प्रवासाची किंमत ठरते. या बाबतींत महाराष्ट्र आणि जपान यांच्यामधील दोन उदाहरणें लक्षांत ठेवण्याजोगीं आहेत. टोकियो येथील स्त्रियांच्या विद्यापीठाची माहिती देणारी एक पुस्तिका महर्षि धोंडो केशव कर्वे यांच्या हातीं पडली होती. १९१५ सालीं सामाजिक परिषदेच्या अध्यक्षपदाच्या निमित्तानें त्यांनीं ती पुन्हां मनापासून वाचली, आणि दुसऱ्याच वर्षीं, १९१६ सालीं, महिला विद्यापीठ उभें राहिलें. जपानची भूमि त्यांनीं प्रत्यक्ष पाहिली ती पुढें, १९२९-३० च्या जगप्रवासांत. म्हणजे ज्याच्यापासून घ्यावयाचें तें घेऊन झाल्यावर ते तेथें गेले, आणि तेव्हांहि त्यांचें वय सत्तरीच्या पुढें होतें. उलट दिशेनें आलेला प्रवासी म्हणजे चित्रकार आराई कान्पो. रवींद्रनाथ ठाकुरांच्या निमंत्रणावरून १९१६ सालीं तो भारतांत आला आणि अजिंठ्याच्या लेण्यांत बसून त्यानें तेथील भित्तिचित्रांच्या प्रतिकृति केल्या. या प्रतिकृति १९२३ च्या टोकियो येथील भूकंपानंतरच्या आगींत जळाल्या. पुढें आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत हाच चित्रकार जपानांतील होर्युजी मंदिराच्या प्राचीन भित्तिचित्रांच्या प्रतिकृति करण्याच्या कामांत होता. त्यानें अजिंठ्याहून नेलेलीं चित्रें राखेंत गेलीं. परंतु तेथें बसून बोटांना आणि डोळ्यांना लागलेली संवय कोणत्याहि आगीला जाळतां आली नसावी.

आतां क्योटोच्याच वायव्येकडील निशिजिन या वस्तींत जावें. पंधराव्या शतकांत तेथें दहा वर्षें यादवी युद्ध चाललें. त्यांतील पश्चिमेकडच्या सैन्याचा तळ जेथें होता तेथें युद्ध संपल्यावर परागंदा विणकर येऊन राहिले, म्हणून त्या जागेचें नांवच 'पश्चिमेचा तळ' असें पडलें. १८७२ सालीं क्योटोनें आपले कांहीं माणूस फ्रान्सांतील लियाँ शहरीं पाठविले आणि तेथून छिद्रांच्या पुठ्ठ्यांवर चालणारा जकार्ड माग आणविला. त्यानंतर निशिजिनचें पुष्कळसें काम त्या मागावर गेलें. परंतु एक प्रकार तसाच राहिला. त्याला त्सुझुरे म्हणतात. यांत आडवा धागा एका कांठापासून दुसऱ्या कांठापर्यंत जात नाहीं. प्रत्येक रंगाचा धागा आपापल्या आकृतीपुरताच जातो आणि तेथूनच परत फिरतो. हे धागे घट्ट बसविण्यासाठीं विणकर आपल्या बोटांचीं नखें कानशीनें करवतीसारखीं दातेरी करून घेतात आणि त्या नखांनीं एक एक धागा ओढून बसवितात. एखादें बारीक काम असलें तर दिवसभरांत बोटभर कापडहि होत नाहीं.

हें पाहून परत आलेल्या मराठी प्रवाशाच्या तोंडून जपानी चिकाटीची स्तुति ऐकूं येते. ती यथार्थच असते. परंतु तोच प्रवासी जर नाशिकचा रहिवासी असेल, तर त्याच्या घरापासून दोन तासांच्या वाटेवर, मनमाडच्या दक्षिणेस असलेल्या येवलें गांवीं, अगदीं त्याच जातीचें विणकाम चालतें, हें त्याला कोणी तरी सांगावयास हवें. येवल्याची पैठणी त्यानें लग्नांत पाहिलेली असते. आईच्या किंवा आजीच्या पेटींत मलमलींत गुंडाळलेली असते. परंतु ती विणतांना पाहिलेली नसते.

पैठणीचें नांव पैठणचें, आणि पैठण व नाशिक हीं दोनहि गोदावरीच्या कांठचीं. येवल्याचे संस्थापक रघुजी नाईक यांनीं विणकरांना आणून, जागा देऊन येथें वसविलें असें सांगतात. साळी, कोष्टी, खत्री इत्यादि समाजांचीं घरें या धंद्यांत पडलीं आणि पुढें पैठणीचा मुख्य बाजार पैठणपेक्षां येवल्यासच अधिक भरूं लागला. गांवांतील कित्येक घरांत पुढच्या खोलींतच माग असतो. जमिनींत खड्डा, खड्ड्यांत पावड्या, पावड्यांवर विणकराचे पाय आणि जमिनीच्या बरोबरीनें ताणलेला रेशमाचा ताणा, अशी त्याची मांडणी असते. रेशीम बहुधा कर्नाटकांतून येतें आणि जर सुरतेहून येते. रेशीम धुवून, रंगवून, उकलून, त्याचा ताणा भरण्यांतच कित्येक दिवस जातात. विणावयाला त्यानंतर आरंभ होतो.

साडीचें अंग विणतांना काम जलद चालतें. ताण्याचा रंग एक आणि बाण्याचा रंग दुसरा असला म्हणजे लुगडें हालतांना ऊन-सावलीसारखें दिसतें, तें याच भागांत. खरी कसोटी पदराला लागते. पदराची जमीन जरीची असते आणि तिच्यावर रेशमाच्या आकृति विणावयाच्या असतात. प्रत्येक रंगासाठीं धाग्याची एक वेगळी लहान कांडी असते. एका ओळींत अशा कित्येक कांड्या ताण्यावर शेजारीं शेजारीं पडलेल्या असतात. विणकर ताण्याचे धागे मोजतो. इतक्या धाग्यांखालून हिरवी कांडी, पुढच्या इतक्यांखालून तांबडी, मग जर, मग पुन्हां हिरवी. आणि जेथें दोन रंग भेटतात तेथें ते एकमेकांत अडकवून मागें फिरवितो. ओळ पुरी झाली कीं फणी ठोकतो आणि पुन्हां मोजूं लागतो. मोर, पोपट, कमळ, असावलीची वेल आणि बांगडीच्या वर्तुळांत बसविलेले चार मोर हीं सारीं चित्रें अशा मोजण्यांतून येतात. साध्या पैठणीला महिना-दीड महिना लागतो. ज्या पैठणीचें अंगहि नक्षीनें भरलेलें आहे तिला वर्ष आणि त्याहून अधिक काळ लागतो.

या विणण्याचा एक परिणाम असा होतो कीं पदराला सुलट-उलट अशा दोन बाजू जवळ जवळ नसतात. धागा आपल्या आकृतीबाहेर जातच नाहीं, म्हणून मागल्या अंगाला लोंबकळत राहणारे धागे नसतात. यंत्रमागावर काढलेल्या नकलेंत तसें नसतें. तेथें प्रत्येक रंगाचा धागा कापडाच्या पाठीमागून पुढच्या आकृतीपर्यंत लांबच लांब जातो आणि मग तो कापून टाकावा लागतो किंवा अस्तराखालीं झांकावा लागतो. म्हणून पैठणी घेणाऱ्यानें दुकानदाराशीं घासाघीस करण्याआधीं पदर उलटा करून पाहावा. पाठीमागें मोर जर तितकाच स्पष्ट दिसला तर तो हातानें मोजून विणलेला आहे. पैठणीला भौगोलिक निर्देशनाची कायदेशीर नोंद २०१० सालीं मिळाली. परंतु तो शिक्का दुकानाच्या दारांत उभा राहून प्रत्येक साडी तपासूं शकत नाहीं. तें काम शेवटीं घेणाऱ्याच्या डोळ्यांकडे येतें.

या ठिकाणीं एक भ्रम दूर केला पाहिजे. यंत्रानें काढलेली नक्कल ही पाप नव्हे. ज्या घरांत हातमागाची किंमत परवडत नाहीं त्या घरांतील मुलीनेंहि मोराचा पदर मिरवावा, यांत कोणाची हानि नाहीं. हानि होते ती नक्कल अस्सल म्हणून विकली जाते तेव्हां. अस्सलाच्या भावांत नक्कल खपूं लागली कीं दुकानदाराला विणकराची गरज उरत नाहीं. आणि नकलेच्या भावांत अस्सल मागितलें जाऊं लागलें कीं विणकराला मागावर बसण्याचें कारण उरत नाहीं. दोनहि बाजूंनीं मोडतो तो तोच. 'इतके पैसे कशाचे?' असें विचारणारें गिऱ्हाईक जर एक तास मागापाशीं बसलें, तर पुष्कळदां त्याचा प्रश्न त्याचाच त्याला सुटतो. प्रवाशानें कारागिराला द्यावयाची पहिली गोष्ट स्तुति नव्हे, तर हा एक तास होय.

कारागिराच्या हाताला समाजानें आधार द्यावा ही कल्पना नाशिकला नवी नाहीं. ती तेथील डोंगराच्या दगडांतच कोरून ठेवलेली आहे. शहराच्या दक्षिणेकडील पांडवलेण्यांपैकीं दहाव्या लेण्यांत क्षत्रप नहपान याचा जांवई उषवदात याचा लेख आहे. सुमारें एकोणीसशें वर्षांपूर्वींच्या या लेखांत त्यानें भिक्षुसंघासाठीं तीन हजार कार्षापणांची कायम ठेव दिल्याचें नमूद केलें आहे. ही ठेव त्यानें गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे ठेवली. दोन हजार एका श्रेणीकडे दरमहा शेंकडा एक या व्याजानें, आणि एक हजार दुसरीकडे दरमहा शेंकडा पाऊण या व्याजानें. पहिल्या रकमेच्या व्याजांतून लेण्यांत वर्षावास करणाऱ्या वीस भिक्षूंना वस्त्रासाठीं प्रत्येकीं बारा कार्षापण द्यावयाचे होते. हिशेब करून पाहावा : दोन हजारांचें वर्षाचें व्याज दोनशें चाळीस, आणि वीस भिक्षूंना बारा बारा दिले कीं दोनशें चाळीसच होतात. मूळ धन फेडावयाचें नाहीं, केवळ व्याज द्यावयाचें. याचा अर्थ इतकाच कीं त्या काळीं नाशिकच्या परिसरांतील विणकर हे दान घेणारे नसून, ज्यांच्याकडे राजाच्या जांवयानें निःशंकपणें पैसा ठेवावा असे पतवान लोक होते. आज पांडवलेणें पाहावयास जाणाऱ्या शेंकडों प्रवाशांपैकीं किती जण त्या लेखाखालीं क्षणभर थांबतात?

जपानला ही गोष्ट एका आपत्तीनें शिकविली. २६ जानेवारी १९४९ रोजीं होर्युजी येथील मुख्य मंदिराला आग लागली आणि अजिंठ्याच्या चित्रांशीं ज्यांची तुलना केली जाते तीं बाराशें वर्षांहून जुनीं भित्तिचित्रें भाजून निघालीं. राष्ट्र हळहळलें, परंतु हळहळून थांबलें नाहीं. पुढच्याच वर्षीं, १९५० सालीं, सांस्कृतिक ठेव्याच्या रक्षणाचा कायदा झाला. या कायद्याचा विशेष असा कीं त्यानें मूर्ति व मंदिरें यांच्याबरोबर हातांतील कौशल्य हेंहि राष्ट्राचें धन मानलें. १९५४ च्या दुरुस्तीनंतर असें कौशल्य ज्यांच्या अंगीं आहे त्या व्यक्तींची नांवें सरकार जाहीर करूं लागलें. लोक त्यांना 'जिवंत राष्ट्रधन' म्हणतात. त्यांना दरवर्षीं कांहीं रक्कम मिळते. ती मिळते ती कला शिष्यांना शिकवावी म्हणून. भारतांतहि कुशल कारागिरांना राष्ट्रीय पुरस्कार दिले जातात आणि येवल्याच्या विणकरांना ते मिळालेले आहेत. परंतु पुरस्कार हा एका दिवसाचा असतो, आणि विणकराचा मुलगा मागावर बसावयाचें कीं नाहीं हें इतर सर्व दिवसांकडे पाहून ठरवितो.

कला सोडून रूढीकडे वळलें तर नाशिकची एक रूढि अशी आहे कीं तिला केवळ पाहणारा मानवतच नाहीं. नाशकांत रंग खेळतात तो रंगपंचमीला. जुन्या गांवांत तिवंधा, शनि चौक, जुनी तांबट गल्ली, दिल्ली दरवाजा अशा ठिकाणीं रस्त्याच्या पोटांत दगडांनीं बांधलेले मोठे हौद आहेत. त्यांना रहाडी म्हणतात. त्या पेशवेकालीन असल्याचें सांगितलें जातें. वर्षभर त्या लांकडी ओंडके व माती यांनीं बुजविलेल्या असतात. वरून वाहनें धांवतात, भाजीवाले बसतात, आणि पायाखालीं पुरुषभर खोल पोकळी आहे याची परक्याला कल्पनाहि येत नाहीं. रंगपंचमी जवळ आली कीं त्या उघडतात, धुतात, पाण्यानें भरतात. फुलें व इतर वनस्पति मोठ्या कढयांत तासन् तास उकळून रंग काढतात. प्रत्येक रहाडीचा रंग ठरलेला असतो. एकीचा पिवळा, दुसरीचा केशरी, तिसरीचा गुलाबी. ठरलेल्या मानकऱ्यांच्या हस्तें पूजा होते आणि मग कांठावरून एकामागून एक माणूस त्या रंगांत उडी घेतो. या उडीला 'धप्पा' म्हणतात. उडी जितकी जोराची तितका रंग उंच उसळतो आणि भोवतालच्या गर्दीवर पडतो.

या रहाडीच्या कांठावर कोरडा पाहुणा उभा राहूं शकत नाहीं. छायाचित्र घेण्यासाठीं मागें मागें सरकणाराहि दुसऱ्याच्या धप्प्यानें रंगूनच निघतो, आणि तो रंग पुढें कित्येक दिवस अंगावरून उतरत नाहीं. जपानांतील उष्ण झऱ्यांच्या स्नानगृहांत याच्या उलट शिस्त असते. तेथें हौदांत उतरण्यापूर्वीं बाहेर बसून अंग स्वच्छ धुवावें लागतें, साबणाचा कणहि पाण्यांत जाऊं द्यावयाचा नसतो, आणि आंत शांत बसावयाचें असतें. एकीकडे स्वच्छ होऊन शांतपणें उतरावयाचें, दुसरीकडे आरडाओरड करीत रंगांत कोसळावयाचें. तरी दोहोंचा नियम एकच आहे. पाणी सर्वांचें आहे, म्हणून उतरणाऱ्यानें तेथली रीत पाळली पाहिजे. ही रीत न शिकतां उतरणारा दोनहि ठिकाणीं सारखाच उपरा ठरतो.

परंतु रीत पाळावी असें म्हणतांना एक प्रश्न टाळून चालत नाहीं. प्रत्येक रीत पाळण्याजोगी असते काय? नाशिकचें काळारामाचें मंदिर पाहावयास प्रवासी येतात. काळ्या दगडाची ती भव्य वास्तु अठराव्या शतकाच्या अखेरीस सरदार ओढेकरांनीं बांधविली. तिची बांधणी, सभामंडप, भोवतालच्या ओवऱ्या हें सर्व वाटाड्या दाखवितो. त्याच मंदिराच्या दारापाशीं २ मार्च १९३० रोजीं हजारों अस्पृश्य स्त्रीपुरुष येऊन उभे राहिले. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखालीं आणि दादासाहेब गायकवाड यांच्या परिश्रमानें हा सत्याग्रह उभा राहिला होता. मागणी एवढीच होती कीं दार उघडावें. दारें बंद करण्यांत आलीं. त्या वर्षीं रामनवमीच्या रथाच्या वेळीं सत्याग्रहींवर दगड पडले, आणि लढा पुढें कित्येक वर्षें चालला. तेव्हां दार बंद ठेवणारेहि 'रूढि' हाच शब्द उच्चारीत होते.

जपानांतहि अशी बंद दारें होतीं. कातडें कमावणारे आणि मेलेलीं जनावरें ओढणारे लोक तेथेंहि गांवाबाहेर ठेवलेले असत. १८७१ सालीं सरकारी आज्ञेनें त्यांच्यावरील हलकेपणाचा शिक्का पुसला गेला. पण तो कागदावरून पुसला गेला, लोकांच्या मनांवरून नव्हे. म्हणून ३ मार्च १९२२ रोजीं या लोकांनीं आपली समतेची संघटना स्थापन केली, आणि तिची पहिली सभा भरली ती चहाच्या झोपड्यांनीं व रेशमाच्या मागांनीं प्रसिद्ध असलेल्या त्याच क्योटो शहरांत. चहाच्या झोपडींत तलवार बाहेर ठेवून सारे सारखे वांकत. परंतु झोपडीच्या अंगणापर्यंतच ज्यांना येतां येत नव्हतें, ते त्या चौकटीपाशीं वांकणार तरी कसे?

येवल्याची गोष्टहि पैठणीवर संपत नाहीं. १३ ऑक्टोबर १९३५ रोजीं याच गांवीं भरलेल्या परिषदेंत आंबेडकरांनीं धर्मांतराची घोषणा केली. नाशिकच्या दारापाशीं जें मिळालें नाहीं त्याचें उत्तर येवल्यास दिलें गेलें, आणि एकवीस वर्षांनीं, १९५६ सालीं, नागपूर येथें लाखों लोकांसह बौद्ध धर्माची दीक्षा घेऊन तें पूर्ण झालें. जेथें ती घोषणा झाली ती जागा आज मुक्तिभूमि म्हणून ओळखली जाते. येवल्यास पैठणी घ्यावयास गेलेल्या कुटुंबानें साडी पसंत करण्यांत दोन तास घालवावे आणि मुक्तिभूमीकडे पाऊलहि टाकूं नये, तर त्यानें येवलें पाहिलें असें कसें म्हणावें? ज्या गांवानें पदरावर मोर विणला त्याच गांवांत माणसांनीं आपलें माणूसपण मागितलें. पाहुणा होणें म्हणजे यजमानानें मांडून ठेवलें तेवढेंच पाहणें नव्हे. त्या घरांत कोणाला येऊं दिलें नव्हतें हेंहि विचारणें होय.

जपानांतील इसे येथील महामंदिर दर वीस वर्षांनीं शेजारच्या मोकळ्या जागेवर नवें उभारतात. ही पद्धति सातव्या शतकाच्या अखेरीपासून चालत आली आहे. मध्यें युद्धांमुळें तींत खंड पडले, परंतु २०१३ सालीं तें मंदिर बासष्टाव्यांदा बांधलें गेलें. मंदिर नवेंच असतें, लांकूड नवेंच असतें, वस्त्रें व भांडीं नवीं घडविलेलीं असतात. जुनें असतें तें केवळ सुताराच्या, विणकराच्या आणि लोहाराच्या हातांतील ज्ञान. वीस वर्षांचा काळ असा आहे कीं तरुणपणीं ज्यानें हाताखालीं काम केलें तो पुढच्या वेळीं मुख्य कारागीर होतो आणि त्याच्या पुढच्या वेळीं वडीलकीनें सल्ला देतो. नाशिकची रहाडहि अशीच दर वर्षीं बुजविली जाते आणि दर वर्षीं उघडली जाते. आणि जीं रहाड एकदां रस्त्याखालीं कायमची गेली ती कोणाच्या आठवणीनें परत येत नाहीं. कला पेटींत जपून ठेवल्यानें टिकत नाहीं. ती पुन्हां पुन्हां कराव्या लागण्यानें टिकते. पैठणी टिकली ती संग्रहालयामुळें नव्हे. महाराष्ट्रांतील लग्नांनीं तिला टिकविलें.

म्हणून प्रवाशाला जपानला जाऊं नये असें कोणी सांगूं नये. त्यानें अवश्य जावें, चहाच्या झोपडींत गुडघे टेकावे, निशिजिनच्या विणकराचीं दातेरी नखें पाहावीं. मात्र परत आल्यावर एका रविवारीं सकाळीं लवकर निघून येवल्याची वाट धरावी. कोणा विणकराच्या ओळखीनें आंत जावें, पादत्राणें बाहेर काढावीं, आणि काम चालू असतांना मध्येंच प्रश्न विचारूं नये. कारण तो धागे मोजीत असतो आणि मोजणी चुकली तर सारी ओळ उसवावी लागते. ओळ संपली, फणी ठोकली गेली आणि त्यानें मान वर केली, म्हणजे विचारावें. बहुधा त्याआधींच घरांतून कोणी तरी पाण्याचा तांब्या पुढें आणून ठेवलेला असेल. तो दोनहि हातांनीं घ्यावा.